फुकटचा वजीर

सव्वीस जानेवारीच्या बुद्धिबळ स्पर्धेआधी हॉलमधल्या सगळ्या खुर्च्या उलट्या करून तपासल्या जातील, अशी सूचना रंगनाथरावांनी फळ्यावर लावली, तेव्हा मनोहर-कुंज सोसायटीत कोणालाच आश्चर्य वाटलं नाही. रंगनाथराव खडकीच्या दारूगोळा कारखान्यातून, तपासणीच्या खात्यातून निवृत्त झालेले. फाटकातून आत शिरणाऱ्याच्या खिशात काडेपेटी आहे, हे ते म्हणे त्याच्या चालण्यावरून ओळखायचे. निवृत्तीनंतर काडेपेट्या संपल्या, नजर तशीच राहिली. दूधवाला हसला तर यानं आज पाणी जास्त घातलंय, आणि नाही हसला तर याला ते लपवायचंय. एकूण दूधवाल्याला सुटका नव्हती.

नऊ वर्षं ते सोसायटीचे सेक्रेटरी होते आणि नऊ वर्षं बुद्धिबळाचे विजेते. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध असेल, असा संशय मात्र, ज्यांना सगळ्याचाच संशय येई, त्या रंगनाथरावांना कधी आला नव्हता. लास्कर नावाचा जगज्जेता सत्तावीस वर्षं गादीवर होता, हे ते जिन्यात भेटेल त्याला ऐकवत आणि मग जरा थांबत. समोरच्यानं मनातल्या मनात वजाबाकी करून 'म्हणजे आपली अजून अठरा' असं म्हणावं, एवढ्यासाठीच ते थांबणं असे. कर्वेनगरातली माणसं सुजाण. म्हणत.

तर या वर्षी दहावं. दशक पुरं व्हायचं होतं. रंगनाथरावांनी करंडकावर नाव कोरणाऱ्याला आधीच विचारून ठेवलं होतं की 'सलग दहा वर्षे' एवढी अक्षरं बसतील का.

खरं सांगायचं तर त्यांना बुद्धिबळापेक्षा बुद्धिबळपटू जास्त पाठ होते. कोणाचं लग्न का मोडलं, कोण कुठल्या देशातून पळाला, कोण सामन्याला कधी आलाच नाही, सगळं तोंडावर. आपल्या आनंदबद्दल बोलताना तर ते आवाज असा खाली आणत, की ऐकणाऱ्याला वाटावं घरचंच कोणीतरी आहे. पण त्यांचा जीव रमायचा तो भांडणांत. बहात्तर साली आइसलंडमध्ये फिशर खेळत असताना रशियनांनी तक्रार केली, की काहीतरी यंत्र बसवून आमच्या माणसाचं डोकं बिघडवताहेत. तेव्हा खुर्च्यांचे एक्स-रे काढले, डोक्यावरचे दिवे उघडले. निघालं काय, तर दोन मेलेल्या माश्या.

इथं लोक हसत. रंगनाथराव हसत नसत.

"माश्या निघाल्या म्हणजे तपासणी झाली," ते म्हणत. "तुमच्याकडे माश्यासुद्धा निघत नाहीत. कारण तुम्ही बघतच नाही."

त्यात मागच्या दसऱ्याच्या सुमाराला पेपरात बातमी आली. रशियातल्या कुठल्याशा गावी जगज्जेतेपदाचा सामना चालू होता आणि टोपालॉवच्या माणसांनी तक्रार केली होती, की क्रामनिक सारखा संडासला जातो. तिथं कॅमेरा नाही, म्हणजे तिथंच काहीतरी शिजतंय. संयोजकांनी संडासाला कुलूप लावलं, क्रामनिक अडून बसला, एक डाव न खेळताच गेला. बाकी जगानं ही बातमी चहाबरोबर वाचून सोडून दिली. रंगनाथरावांनी ती कापून ठेवली आणि कौशल्याबाईंना दोनदा वाचून दाखवली.

"बघ. एके काळी कास्पारॉवला वाटलं, की कॉम्प्युटरच्या आत माणूस बसवलाय. आता माणसाच्या आत कॉम्प्युटर बसवतात. काळ कुठं चाललाय."

"मटार सोलता सोलता ऐकते," कौशल्याबाई म्हणाल्या. "सोला चार तुम्हीपण."

मटार सोलून होईतो कडक नियमावली तयार झाली. मोबाइल दारात जमा. प्रेक्षकांनी बोलायचं नाही, खाकरायचं नाही, खुणावायचं नाही. दही आणायचं नाही. याला कारण अठ्ठ्याहत्तर सालच्या सामन्यात कार्पोवला आतून आलेलं दही आणि त्याच्या रंगावरून झालेली तक्रार, पण ते कोणाला माहीत नसल्यामुळे पहिल्या मजल्यावरच्यांनी ते स्वतःला लावून घेतलं. त्यांच्या घरात विरजण बिघडलं होतं आणि त्यावरून रंगनाथरावांशी नुकतंच बोलणं झालं होतं. हे प्रकरण निस्तरायला चेअरमन हिंदुराव आले. ज्या जमिनीवर सोसायटी उभी होती ती मुळात हिंदुरावांच्या वडलांची. तिथं ज्वारी होत असे, आता सभासद होतात, आणि ज्वारी बरी होती असं ते अधूनमधून म्हणत.

"सायेब, आता खेळापायी दही बंद करता व्हय?"

"स्पर्धेच्या जागी. घरी खा."

"आन ह्ये काय लिवलंय, झडती?"

"पुरुषांची मी घेईन. बायकांची कौशल्या."

आतून आवाज आला, "कौशल्या घेणार नाही."

झडतीचं कलम वगळण्यात आलं. पुढे सगळं घडलं ते त्यामुळेच, असं रंगनाथरावांचं अजूनही मत आहे.

आता बायकांचा प्रश्न निघाला, कारण एका बाईचं नाव यादीत होतं. तिसऱ्या मजल्यावरची भाडेकरू, अपेक्षा गावंडे. मूळची वर्ध्याची, हिंजवडीला सॉफ्टवेअरमध्ये. सकाळी कंपनीच्या बसनं जाणार, संध्याकाळी अंधारात येणार. रंगनाथरावांच्या दृष्टीनं एवढ्यात चार संशयाच्या जागा होत्या. तिचा अकरा महिन्यांचा करार जानेवारीअखेर संपत होता आणि तो वाढवायला सोसायटीचा ना-हरकत दाखला लागे. तो दाखला रंगनाथरावांच्या सहीसाठी अडला होता. त्यांनी कंपनीचं पत्र मागितलं, ते आलं. पोलीस चौकीचा शिक्का मागितला, तो तिनं तीन खेपा घालून आणला. मग गावाकडच्या दोन प्रतिष्ठितांची नावं मागितली. त्यातले एक प्रतिष्ठित तिचे मामा निघाले, म्हणून ते बाद.

"काका, दुसरे कोण आणू? आमच्या गल्लीत प्रतिष्ठित तेच आहेत."

"शोध," रंगनाथराव म्हणाले. "वर्धा एवढं लहान नाही."

आणि ही मुलगी स्पर्धेत उतरली. उपांत्य फेरीत बँकेतल्या महिपतीला तिनं चहा यायच्या आत हरवलं. महिपती रिकाम्या पटाकडे बघत बसला आणि आलेले दोन्ही चहा पिऊन घरी गेला. सोसायटीत कुजबूज सुरू झाली. ही विद्यापीठाकडून खेळलेली आहे. हिला ते घड्याळ वगैरे सगळं येतं. दोन दिवस जिन्यात बरीच ये-जा चालू होती. हिंदुराव एकदा तिसऱ्या मजल्यावर गेले. कौशल्याबाई वाटीभर गाजर हलवा घेऊन गेल्या आणि बराच वेळ खाली आल्या नाहीत. रंगनाथरावांनी हे सगळं पाहिलं. पण हलव्याचा संशय घ्यावा, हे त्यांच्यासारख्यालाही सुचलं नाही.

सव्वीस तारखेला झेंडावंदन झालं, जिलबी वाटली गेली, आणि अंतिम सामन्याला माणसं जमली. पिठाच्या स्टीलच्या डब्यात मोबाइल जमा झाले. वेळेच्या घड्याळाऐवजी महिपतीच्या घरची दोन गजराची घड्याळं होती. त्यातलं एक उताणं ठेवलं तरच चाले. हॉलचा संडास गणपतीच्या मांडवाच्या बांबूंनी भरलेला, तेव्हा कोणाला गरज पडली तर तळमजल्यावर रंगनाथरावांच्या घरी जायचं, अशी व्यवस्था. आपल्याच घरचा संडास त्यांनी सकाळी टाकीचं झाकण काढून तपासला होता. माशीसुद्धा निघाली नाही.

डाव सुरू झाला. आधी मुलगी शहाण्यासारखी खेळत होती. रंगनाथरावही त्यांच्या मते शहाण्यासारखे खेळत होते. मग एका खेळीला अपेक्षानं आपला वजीर उचलला आणि सरळ रंगनाथरावांच्या प्याद्याच्या तोंडी आणून ठेवला. पाठीशी काही नाही, पोटाशी काही नाही. आयता वजीर.

रंगनाथरावांनी वजिराकडे पाहिलं, मग मुलीकडे. तिचा चेहरा कोरा. हाच तो चेहरा, त्यांच्या मनात आलं. छप्पन साली तेरा वर्षांच्या फिशरनं असाच वजीर सोडला होता. समोरच्यानं घेतला आणि संपला. पन्नास वर्षं जग त्या डावाचं नाव घेतंय. आणि ही पोरगी समजते, की रंगनाथरावांनी ते वाचलं नसेल.

त्यांनी वजीर घेतला नाही. कोपऱ्यातलं एक प्यादं एक घर पुढं सरकवलं आणि हाताची घडी घातली.

अपेक्षाच्या कपाळावर घाम आला. दोन खेळ्यांनी ती म्हणाली, "काका, मी जरा जाऊन येते." आणि त्यांच्या घरात गेली.

आली ती थेट हत्ती घेऊन. रंगनाथरावांच्या उंटाच्या तोंडी दिला. रंगनाथरावांना लगेच ताल नावाचा जगज्जेता आठवला. तो असाच सोंगट्या उधळायचा, आणि समोरचा हिशेब लावण्यात बुडून मरायचा. त्यांनी हत्तीलाही हात लावला नाही.

"अवो घ्या की सायेब," हिंदुरावांना राहवेना. "हत्ती पुढ्यात हुबा हाय."

"प्रेक्षकांनी बोलायचं नाही."

"मी कुटं बोलतोय? हत्तीच बोलतोय."

अपेक्षा पुन्हा उठली. पुन्हा त्याच घरात. आता रंगनाथरावांना पेपरातली बातमी डोळ्यांपुढं दिसायला लागली. आत काहीतरी शिजत होतं. आणि ते दुसऱ्या कोणाच्या नव्हे, त्यांच्या स्वतःच्या, आज सकाळी तपासलेल्या संडासात. ती परत आली, घोडा मरायला पाठवला, तो मेला नाही, आणि ती तिसऱ्यांदा उठली, तेव्हा रंगनाथरावांनी दोन्ही घड्याळं बंद केली.

"महिपती, पटाला कोणी हात लावायचा नाही," असं म्हणून ते निघाले.

स्वतःच्या घरात चोरपावलांनी शिरण्याची त्यांची ही पहिलीच वेळ. बोळात वॉशिंग मशीनपाशी ते उभे राहिले. दाराआडून दबका आवाज येत होता.

"योगेश, ऐक ना. अरे घेतच नाहीयेत ते. क्वीन ठेवली, नाही घेतली. रूक पण नाही. ... मला काय माहीत काऊन. तू अजून वाईट मूव्ह सांग. ... अरे मग लिस्टच्या एकदम खालची सांग ना. ... नाही रे, असं कसं, प्रोग्रॅममध्ये हरायचं ऑप्शन नसतं? शोध ना."

रंगनाथरावांना आधी वाटलं ही सांकेतिक भाषा आहे. वाईट म्हणजे चांगलं, खालची म्हणजे वरची. मग ते हळूहळू सरळ अर्थावर आले, आणि सरळ अर्थ जास्त लागला.

दार उघडलं. अपेक्षा समोर, हातात फोन. स्वयंपाकघरातून कौशल्याबाई झारा घेऊन बाहेर आल्या.

"हा फोन कोणाचा?" रंगनाथरावांनी विचारलं.

"माझा," कौशल्याबाई म्हणाल्या. "शिकेकाईच्या डब्यामागं ठेवला होता. हळू बोला, बाहेर माणसं आहेत."

"तू?"

"मीच सांगितलं तिला, हरून जा म्हणून. दहा वर्षांचं एवढं लागलंय तुमच्या मनाला. म्हटलं, होऊन जाऊ दे एकदाचं."

"आणि हिंदुरावकाका म्हणाले," अपेक्षा खाली बघत म्हणाली, "जिंकलीस तर दाखला विसर. ऑफिसमध्ये सगळे मला हसतात काका. सुट्टीच्या दिवशी ड्यूटीवरचा मुलगा कॉम्प्युटरला वाईट खेळी विचारतोय. पण हरताच येत नाही हो तुमच्याशी. तुम्ही काही घेतच नाही."

रंगनाथरावांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. "म्हणजे तुला वाटलं, मी हरलो तर त्या सहीवर सूड काढीन?"

ती अगदी हळू म्हणाली, "तुम्ही मामांना बाद केलं ना."

ते आत गेले, दाखला घेऊन आले आणि वॉशिंग मशीनवर ठेवून त्यांनी सही केली. शिक्काही मारला, आणि कधी नव्हे ते तो सरळ उमटला.

"घे. आता तुझं काही अडलेलं नाही. खेळ."

"नक्की? रागावणार नाही?"

"रागावेन. पण ते माझं मी बघेन. चल."

नंतरचं फार लांबलं नाही. वजीर जिथं होता तिथूनच अपेक्षानं तो उचलला. मेलेला समजलेला हत्ती दुसरीकडून आला. रंगनाथराव एकदा काहीतरी म्हणायला तोंड उघडतात तोवर शह, आणि ते तोंड मिटतात तोवर मात. त्यांनी उठून तिच्याशी हात मिळवला. "कुमारी अपेक्षा गावंडे विजयी," असं स्वतःच्या तोंडानं जाहीर केलं. टाळी वाजली नाही. सगळे हिंदुरावांकडे बघत होते आणि हिंदुराव पांढरे पडले होते. कमाल म्हणजे रंगनाथरावांना फार वाईट वाटत नव्हतं. त्यांनी उरलेल्या दोन जिलब्या खाल्ल्या. गादी गेली होती, पण ती आपण खरीच मिळवली होती आणि आज खऱ्या खेळात गमावली. लास्करचंही असंच झालं. कधीतरी कोणीतरी तरुण येतोच.

हे समाधान सायंकाळच्या चहापर्यंत टिकलं.

चहाच्या वेळी हिंदुराव आणि महिपती दारात उभे होते. हिंदुरावांच्या हातात पेढ्यांचा पुडा होता आणि चेहऱ्यावर सुतक.

"सायेब, काय चुकलं आमचं? सांगा सरळ."

"कशाबद्दल?"

"मुद्दाम हारलात. आक्की सोसायटी बोलतीया. आता राजीनामा देणार तुमी. पान्याचा टँकर, लिफ्टवाला, ते ऑडिट, कोन बगनार? येक जन तयार न्हाय. मी समद्यास्नी इचारून आलोय."

"मी मुद्दाम हरलो नाही," रंगनाथराव म्हणाले. "त्या मुलीनं हरवलं मला."

महिपतीनं समजूतदारपणे मान हलवली. हिंदुराव पुढं सरकले आणि त्यांचा हात हातात घेतला.

"आमाला नका सांगू. वजीर घेतला न्हाय, हत्ती घेतला न्हाय, घोडा घेतला न्हाय. काय सफाईनं हारलात. नऊ वर्सं आमी हारतोय, पन येवढी सफाई कुनाला जमली न्हाय."

आपण काय बोललो ते हिंदुरावांना महिपतीच्या कोपरानं कळलं.

रंगनाथराव खुर्चीत बसले. डोळ्यांसमोरून एकेक वर्ष जायला लागलं. ज्या वर्षी हिंदुराव चौथ्या खेळीला वजीर गमावून 'अरारा' म्हणाले होते. ज्या वर्षी वरच्या मजल्यावरचे प्रोफेसर डोकं दुखतंय म्हणून डाव सोडून गेले आणि पाच मिनिटांनी गच्चीवर पतंग उडवताना दिसले. सगळ्या जगाच्या खुर्च्या उलट्या करून पाहिल्या, आपली तेवढी राहिली.

"कौशल्या," त्यांनी हाक मारली. "तुला माहीत होतं?"

कौशल्याबाई चहाचे कप ठेवत होत्या. "दुसरा सेक्रेटरी मिळाला असता तर एकानं तरी हरवलं असतं की तुम्हाला," त्या म्हणाल्या. "मिळाला नाही. तुमच्यासारखं कोणी करत नाही. एवढंच होतं त्यात."

बोलणं टोचायला हवं होतं. थोडं टोचलंही. पण त्याच्या मागून दुसरंही काही आलं, आणि ते नेमकं काय, हे न कळल्यामुळे रंगनाथराव बशीत चहा ओतत राहिले.

"सगळे?" शेवटी त्यांनी विचारलं. "सगळ्यांनी ठरवून?"

हिंदुराव खाली बघायला लागले. महिपतीनं घसा खाकरला.

"खरं सांगू, रंगनाथराव? दोन हजार दोनला मी फायनलला होतो. मीपण ठरवून हरणार होतो. सगळ्यांना कबूल केलं होतं. पण त्याच्या आधीच हरलो. हरायची वेळच आली नाही माझ्यावर. हे मी कोणाला सांगितलेलं नाही."

रंगनाथरावांनी त्याच्याकडे पाहिलं. खडकीच्या फाटकावर बघायचे तसं, डोक्यापासून चपलेपर्यंत. माणूस खोटं बोलतोय असं वाटत होतं. खरं बोलतोय असंही वाटत होतं. महिपतीच्या चेहऱ्यात एक मोठा दोष होता. तो दोन्ही वेळेला सारखाच दिसे.

"बस," रंगनाथराव म्हणाले. "पट मांडतो."

"आत्ता?"

"आत्ता. आणि हिंदुराव, राजीनामा देत नाही मी. पण पुढच्या वर्षीपासून जो माझ्याशी ठरवून हरेल, त्याच्या घरचा नळ दुरुस्त होणार नाही. फळ्यावर लावतो उद्या."

पट मांडला गेला. पेढ्यांचा पुडा फुटला. महिपतीनं प्यादं सरकवलं, रंगनाथरावांनी सरकवलं. ते पटाकडे बघतच नव्हते. महिपतीच्या भुवया, त्याचे कान, त्याचा सोंगटीवर घुटमळणारा हात, एवढंच ते बघत होते. असं बराच वेळ चाललं. मग महिपतीनं घोडा उचलला, मनातल्या मनात अडीच घरं मोजली, आणि तो टेकवला तो थेट रंगनाथरावांच्या वजिरावर.

आणि टेकवल्यावर तो दचकला. त्यानं वजीर हातात घेतला, हिंदुरावांकडे बघितलं, मग रंगनाथरावांकडे. चेहऱ्यावरचा रंग उतरला होता.

"अहो, मला दिसलाच नव्हता," तो म्हणाला. "चुकून मारला हो. परत ठेवू का?"

रंगनाथरावांनी त्याच्याकडे नीट पाहिलं. भीती अस्सल होती.

"नको," ते म्हणाले. "राहू दे." आणि खुर्ची पुढं ओढून त्यांनी पहिल्यांदाच पटाकडे बघितलं.